'स्क्रब'ला मराठीत काय लिहू? माळ, गायरान, कंटी आणि जाळी

ताई, तुमचा प्रश्न वाचला. बाकीच्यांनाही कळावं म्हणून आधी थोडक्यात मांडतो. तुम्ही अथणी तालुक्यात, जतच्या हद्दीला लागून असलेल्या गावात शिकवता. ग्रामपंचायतीची लोक जैवविविधता नोंदवही भरायचं काम 'बाईंचं अक्षर चांगलं आहे' म्हणून तुमच्या गळ्यात पडलंय. छापील नमुन्यात एका रकान्यावर कन्नडमध्ये 'कुरुचलु काडु' लिहिलंय आणि शेजारी इंग्रजीत 'स्क्रब'. मोबाईलवर भाषांतर मागितलं तर 'घासणे' आलं! गावातली म्हातारी माणसं त्या जागेला माळ म्हणतात, तलाठी गायरान म्हणतो, फॉरेस्टचा गार्ड झुडपी जंगल म्हणतो, आणि तालुक्याच्या बैठकीत एका सरांनी 'कंटकवन लिहा' असं सांगितलं. यातलं बरोबर कोणतं, एवढंच तुम्हाला हवंय. शिवाय जाता जाता एका पांढऱ्या सालीच्या काटेरी झाडाचा फोटो टाकून 'ही बाभूळच ना? हेडमास्तर जाली म्हणतात' असंही विचारलंय. त्या फोटोकडे शेवटी येतो.

मी निपाणीकडचा. तीसेक वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं आणि सुट्ट्यांमध्ये चिकोडी, रायबाग, अथणी, गोकाक, सौंदत्ती इथल्या माळांवर दोरीनं चौकोन आखून आतली झाडं मोजत हिंडलो. अंगावरचे ओरखडे बघून घरचे म्हणायचे, मांजर पाळलंय की काय. त्या हिंडण्यातून जे कळलं ते सांगतो.

तुमच्याकडे आलेल्या चार शब्दांपैकी एकही चूक नाही. फक्त ते चार वेगवेगळ्या प्रश्नांची उत्तरं आहेत. माळ म्हटलं की जमीन कशी आहे ते कळतं: उंचवट्याची, मुरमाड, उघडी, पाणी न धरणारी. गायरान म्हटलं की तिच्यावर हक्क कुणाचा ते कळतं: गावाच्या गुरांचा. त्या गायरानावर एक काटा नसला आणि नुसतं गवत असलं तरी ते गायरानच. झुडपी जंगल ही खात्याच्या नजरेतली प्रतवारी झाली. आणि कंटकवन हा शब्द मी आजवर कुठल्याही मेंढक्याच्या तोंडून ऐकलेला नाही, छापील कागदावरच पाहिलाय. नोंदवहीचा रकाना मात्र पाचवंच काहीतरी विचारतोय. तिथे उगवतं काय, किती उंच वाढतं, आणि तेवढंच का वाढतं? या शेवटच्या 'का'वर शब्दाची निवड ठरते. म्हणून आधी 'का'कडे वळू.

मी तुमची जागा पाहिलेली नाही, त्यामुळे इथून पुढचं बरंचसं 'असं असेल तर तसं' या जातीचं आहे. बेळगाव जिल्हा एकच असला तरी पाऊस एक नाही. मलप्रभा जिथे उगवते त्या कणकुंबीकडे, खानापूरच्या पश्चिम टोकाला, पाऊस काही हजार मिलिमीटर पडतो. तिथून पूर्वेला, सह्याद्रीच्या आडोशाला येत येत अथणीला पोचेपर्यंत तो सहाशेच्या आतबाहेर उरतो, आणि वर्षातले सात-आठ महिने कोरडे जातात. दगडही बदलतो. अथणी-चिकोडीकडे काळा बेसाल्ट आणि त्यावर कुठे काळी माती, कुठे वीतभर मुरूम. गोकाक, सौंदत्ती, रामदुर्गकडे वाळूचा दगड आणि गारगोटीसारखा कठीण क्वार्टझाइट. गोकाकचा धबधबा ज्याच्यावरून पडतो तोच. सौंदत्तीला यल्लम्माच्या डोंगरावर चालत गेला असाल तर तो पायाला ओळखीचा आहे. आता 'स्क्रब' हा एकच शब्द खानापूरला लावला तर त्याचा अर्थ होतो तोडून तोडून खुजं झालेलं जंगल. अथणीला लावला तर बहुतेक वेळा अर्थ होतो पावसानं आणि मुरमानं आखून दिलेली उंची. दिसायला दोन्ही कमरेएवढंच.

काटा असतोच का, हेही इथेच सांगून टाकतो, कारण बैठकीत हमखास कुणीतरी म्हणतं की पाणी वाचवण्यासाठी झाडं पानांचे काटे करतात. फड्या निवडुंगापुरतं ते खरं धरा. बाकी आपल्या माळावरच्या झाडांचं पाणी वाचतं ते पानं बारीक असल्यानं, उन्हाळ्यात पानं गाळल्यानं, किंवा नेपतीसारखं जवळजवळ बिनपानांचं राहून हिरव्या काड्यांवर काम भागवल्यानं. काटा हा राखणदार. कोरड्या जागी एक पान फोडायला झाडाला फार खर्च येतो, आणि ते शेळीनं ओरबाडलं तर परवडत नाही. म्हणून पहारा.

काटेही एका जातीचे नसतात. करवंदाचा काटा म्हणजे फांदीच, टोकाला दुभंगलेली. बाभळीचे आणि बोरीचे काटे पानाच्या बुडाशी जोडीनं येतात. बोरीच्या जोडीत बहुधा एक सरळ आणि एक वाकडा असतो, म्हणून बोर काढायला घातलेला हात आत जातो पण बाहेर येत नाही. घाणेरीचे आणि चिलारीचे काटे नुसते सालीवर चिकटलेले, नखानं ढकलले तर सुटून येतात. मराठीनं या सगळ्यांना 'काटा' हे एकच नाव ठेवलंय आणि नोंदवहीला तेवढं पुरतं.

पण राखणदारीचा एक उलटा परिणाम होतो, आणि आपल्या प्रश्नाचं मूळ त्यात आहे. शेळ्या-मेंढ्या बिनकाट्याचं आधी संपवतात. काटेरी मागे उरतं. म्हणजे एखादा माळ काटेरी आहे याला दोन कारणं असू शकतात: एक तर तिथलं हवामानच काट्यांचं आहे, किंवा बाकीचं सगळं खाऊन-तोडून झालं आणि काटे तेवढे शिल्लक राहिले. पुष्कळदा दोन्ही मिसळलेली असतात.

ओळखायचं कसं? माझी रीत सांगतो. आधी बुडखे बघायचे. उसाच्या खोडव्यासारखे एका बुडख्यातून पाच-सहा फुटवे निघालेले दिसले तर तिथे कुऱ्हाड चाललेली आहे. मग बोरीच्या एखाद्या दाट झुडपात काठी घालून आतली जमीन बघायची. बाहेर शेळ्या फिरत असल्या तरी आत त्यांचं तोंड पोचत नाही, त्यामुळे त्या माळाला मोकळं सोडलं तर काय उगवेल याचा नमुना तिथे सापडतो. बुलबुलासारखे पक्षी फळं खाऊन बिया आत टाकतात. मला अशा झुडपांत कडुलिंब आणि चंदनाची रोपं कैक वेळा मिळालीत. चंदनाला तर शेजाऱ्याच्या मुळांतून रस घ्यायचा असतो, त्यामुळे काट्यांचा शेजार त्याच्या पथ्यावरच पडतो. (चंदन दिसलं तर नोंदवहीत जागेचा नेमका पत्ता लिहू नका. का ते तुम्हाला कळेल.)

त्यानंतर कुदळीनं एक हात खणायचं. वीतभर मातीखाली मुरूम लागला तर तिथे उंच दाट झाडी होती असं म्हणायला जीभ रेटत नाही.

आणि सगळ्यात भरवशाची खूण म्हणजे देवाची जागा. बिरोबा, यल्लम्मा, लक्ष्मी, कुणाचीही असो, जिथे कुऱ्हाड लावायला लोक भितात ती जागा गाठायची. खानापूरच्या बाजूला बाहेर करवंदांची जाळी आणि देवाच्या रानात मात्र जांभळासारखी उंच, गर्द, ओलसर झाडी असं दृश्य दिसतं. तिथे बाहेरची झुडपं ही मोडतोड आहे, यात शंका राहत नाही. अथणीकडे मी तेलसंगच्या पलीकडे अशा जागा पाहिल्या, तेव्हा आतही हिवर, खैर, हिंगण, बोरच होते. फक्त म्हातारे, जाड बुंध्यांचे, एकमेकांपासून अंतर राखून उभे, मध्ये कुसळी गवत. देवानं राखूनही तिथे घनदाट अरण्य झालेलं नव्हतं. असा माळ दिसला की 'इथे पूर्वी मोठं जंगल होतं, माणसानं घालवलं' हे पाठ केलेलं वाक्य मी गिळून टाकतो.

हे वाक्य पाठ होतं त्याला कारण आहे. आपल्या देशातल्या वनांची जी वर्गवारी खात्यात चालते, चॅम्पियन आणि सेठ यांची १९६८ ची, तिच्यात सहावा गट काटेरी वनांचा आहे. त्यात दक्षिणेकडचं काटेरी वन हा एक प्रकार, आणि काटेरी झुडपांचं रान ही त्याची बिघडलेली पायरी. संकेतातच 'डीएस' अशी अक्षरं येतात आणि त्यांचा अर्थ ऱ्हासाची अवस्था. म्हणजे झुडूप दिसलं की बिघाड झाला हे नावातच ठरून गेलं. भारतीय वन सर्वेक्षणाच्या हिशोबात झाडांच्या छत्रानं १० टक्क्यांहून कमी जमीन झाकली असेल तर ते स्क्रब, ते वनात धरत नाहीत. पडीक जमिनींच्या सरकारी नकाशात मात्र हेच स्क्रब पडीक म्हणून हजर. वनातही नाही आणि उपयोगाचंही नाही, असं दोन्ही घरचं उपाशी ठेवलेलं हे रान आहे.

माझा स्वतःचा एक गुन्हा कबूल करतो. वीसेक वर्षांपूर्वी एका प्रकल्पासाठी मी एका माळाची पाहणी केली आणि अहवालात 'निकृष्ट झुडपी जंगल' असं लिहून मोकळा झालो. पुस्तकात तसं होतं, मीही तसं लिहिलं. पुढच्या उन्हाळ्यात तिथे जेसीबी आला. बोरी, हेकळ, तरवड सगळं साफ करून ओळीनं खड्डे पडले, त्यांत ग्लिरिसिडिया आणि निलगिरी लागली, भोवती तारेचं कुंपण झालं. तीन वर्षांनी गेलो तेव्हा निलगिरीच्या काठ्या तेवढ्या उभ्या होत्या, खाली गवत नव्हतं. मेंढरं कुंपणाबाहेर. एका धनगरानं मला ओळखलं. "सर, मोजायला तुम्हीच आला होता न्हवं?" एवढंच म्हणाला आणि मेंढरं हाकत पुढे गेला. तेव्हापासून 'निकृष्ट', 'ओसाड', 'पडीक' हे शब्द मी स्वतः खणून, बुडखे बघून खात्री केल्याशिवाय लिहीत नाही. तुम्हीही लिहू नका.

याच जातीच्या रानाची किंमत दुसऱ्या डोळ्यांनी बघा. शेजारच्या बागलकोट जिल्ह्यात यडहळ्ळीला २०१६ मध्ये चिंकाऱ्यासाठी अभयारण्य जाहीर झालं, ते अशाच काटेरी टेकड्यांवर. राणेबेन्नूरचं काळविटांचं अभयारण्य तर १९७४ चं. चिंकारा, काळवीट, लांडगा यांना दाट झाडी दिली तर ती त्यांना अडगळच वाटेल.

आता शब्दांकडे. खरं सांगायचं तर मला इथेच जास्त रस आहे.

'जंगल' या शब्दापासून सुरुवात करू. आज जंगल म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे दांडेलीसारखी गर्द झाडी येते. पण हा शब्द ज्या संस्कृत 'जांगल'वरून आला, त्याचा अर्थ अगदी उलटा होता. आयुर्वेदात देशाचे तीन प्रकार सांगतात: पाणथळ तो आनूप, मधला तो साधारण, आणि कोरडा, उघडा, वाऱ्याचा तो जांगल. चरकसंहितेत जांगल देशाच्या वर्णनात झाडांची नावं दिली आहेत. त्यांत खैर आहे, धावडा आहे, बोर आहे, टेंभुर्णी आहे, शमी आहे. ही यादी घेऊन गोकाकच्या डोंगरावर जा, बहुतेक हजेरी लागेल. म्हणजे तुमच्या गावचा माळ हाच मुळातला जांगल, आणि दांडेलीनं ते नाव नंतर पळवलं! हे नोंदवहीत लिहिता येणार नाही, पण बैठकीत कंटकवनवाल्या सरांना जरूर सांगा.

'रान' हा शब्द आपल्याकडे जपून वापरायला हवा. पुण्याच्या वाचकाला काटेरी रान म्हणजे झाडाझुडपांचं रान वाटेल. आपल्याकडे 'अण्णा रानात गेलाय' म्हणजे अण्णा शेतात गेलाय. मी एकदा एका शेतकऱ्याच्या बांधापलीकडच्या पट्ट्याला काटेरी रान म्हणालो, तर गडी चिडला. त्याला वाटलं, मी त्याच्या शेतात काटे माजलेत असं म्हणतोय. पुढे चहा झाला, पण शब्द गेला तो गेलाच.

'खुरटं' हा शब्द प्रेमळ वाटतो, पण त्यात निवाडा आहे. खुरटं म्हणजे जे वाढायला हवं होतं आणि वाढलं नाही ते. कन्नडमधल्या 'कुरुचलु'ची छटा मात्र जरा निराळी. दोन दिवस न केलेल्या दाढीलाही कन्नडमध्ये कुरुचलु गड्ड म्हणतात. खुंटखुंट, खरखरीत, हात फिरवला तर टोचणारं. माळाकडे लांबून बघा, ही उपमा अचूक आहे. मराठीत एका शब्दात ती आणता आली तर मला कळवा, मला तीस वर्षांत जमली नाही.

आता खरा घोटाळा: 'जाळी' आणि 'जाली'. मराठीत जाळी म्हणजे झुडपांची दाट गचपण, माणूस आत शिरू नये अशी. करवंदांची जाळी, वाघ जाळीत बसला वगैरे. कन्नडमध्ये जाली म्हणजे बाभूळ. उच्चारात फरक फक्त ळ आणि ल इतकाच, आणि सीमेवर बोलताना तो कुणी फारसा पाळत नाही. रायबागकडे एका मेंढक्यानं मला सांगितलं होतं की लांडगीनं 'जालीत' पिल्लं घातलीत. मी दोन तास प्रत्येक गचपणात वाकून बघत होतो. तो सांगत होता बाभळींखालच्या घळीबद्दल. लांडगीचं सोडा, माझा शर्ट गेला. म्हणून तुमच्या नोंदवहीत जिथे कन्नड माणसानं 'जाली' सांगितलं असेल तिथे जाळी समजून झुडूप लिहू नका, आणि मराठी आजीनं 'जाळी' म्हटलं तर बाभूळ लिहू नका. कोण बोललं हेही शेजारी टिपा.

'कंटी' हा मात्र दोघांना जोडणारा शब्द. आपल्या बाजूच्या कन्नडमध्ये काटेरी झुडपाला कंटी किंवा मुळ्ळुकंटी म्हणतात. मुळ्ळु म्हणजे काटा. कंटी आणि आपला काटा दोन्ही संस्कृत कंटकाचीच लेकरं. धनगर-कुरुबांच्या बोलण्यात 'कंटी' येतोच, मराठी बोलतानाही येतो. असाच दुसरा शब्द गजगा. काटेरी वेलाची ती राखाडी, गुळगुळीत बी, जिला पुस्तकी मराठीत सागरगोटा म्हणतात. आपल्या आया गजग्यांनी खेळल्या आणि कन्नड आया गज्जुगांनी. तरवडाला कन्नडमध्ये तंगडि. निवडुंगाला कळ्ळि, त्यातल्या फड्याला पापसु कळ्ळि. ही जोड नावं तुमच्या नोंदवहीत शेजारी शेजारी आली तर ती दोन्ही भाषांच्या घरांत वाचली जाईल.

शमीचं प्रकरण नाजूक आहे. महाराष्ट्रात दसऱ्याला आपट्याची पानं सोनं म्हणून लुटतात, कर्नाटकात बन्नीची, आणि आपल्या गावांत एका गल्लीत हे तर दुसऱ्या गल्लीत ते. बन्नी म्हणजे शमी, मराठीत जिला सौंदडही म्हणतात. पण गावाच्या वेशीबाहेर बन्नी म्हणून जे झाड पुजलं जातं ते दर वेळी शमीच निघत नाही, खैराच्या जातीतलंही निघतं. पूजेच्या झाडाला बन्नी हेच नाव लिहा. वनस्पतिशास्त्रातलं नाव कळल्याशिवाय ठोकून देऊ नका.

नावं घेताना पाहुण्यांना वेगळं बसवा. वेडी बाभूळ ही आपल्या बाभळीची बहीण नाही. ती मध्य आणि दक्षिण अमेरिकेतली, एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इकडे आणली गेली. कन्नडमध्ये ती बळ्ळारी जाली, जणू बळ्ळारीचीच. बाभळीचं फूल पिवळं, गोल, गोंड्यासारखं. वेडीचं लांबट, हिरवट-पिवळ्या शेपटासारखं. नोंदवहीत दोघींना 'बाभूळ' या एका नावाखाली घातलं तर पुढच्या माणसाला तुमचा माळ समृद्ध वाटेल आणि प्रत्यक्षात तो वेडीनं गिळलेला असेल. फड्या निवडुंगही तिकडचाच. पूर्वी त्यानं दक्षिणेतल्या कितीतरी जमिनी व्यापल्या होत्या, १९२६ च्या सुमारास त्याच्यावर जगणारा एक किडा सिलोनकडून आणून सोडला तेव्हा तो आटोक्यात आला. काटेरी दिसलं म्हणजे इथलंच, असं नाही.

आता गार्डसाहेबांच्या 'झुडपी जंगला'बद्दल, कारण इथे शब्द नुसता शब्द राहत नाही. विदर्भातल्या नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांत 'झुडपी जंगल' हा महसुली दप्तरातला प्रकार आहे. त्या जमिनी वन मानायच्या की नाही यावर वर्षानुवर्षं वाद चालला आणि २२ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयानं त्या वनजमिनी समजाव्यात असं सांगितलं. त्याआधी १२ डिसेंबर १९९६ च्या गोदावर्मन प्रकरणातल्या आदेशात न्यायालयानं म्हटलंच होतं की मालकी कुणाचीही असो, शब्दकोशातल्या अर्थानं जे वन आहे त्याला वनाचा कायदा लागू. ताई, शब्दकोशातला अर्थ! मराठीत कुणी काय लिहिलं यावर जमिनीचं भवितव्य ठरू शकतं. आपल्याकडे 'झुडपी जंगल' हा दप्तरातला प्रकार नाही. आपल्या उताऱ्यावर गायरान असेल, खराब असेल किंवा फॉरेस्ट असेल. म्हणून तो शब्द नोंदवहीत शीर्षक म्हणून लावू नका. उद्या कुणीतरी तो विदर्भातल्या अर्थानं वाचेल, किंवा 'झुडपीच आहे ना, मग द्या कारखान्याला' म्हणून उलट्या अर्थानं वाचेल.

इथवरचं गोळा करतो. माळ ही जमीन, गायरान हा हक्क, झुडपी जंगल हा दुसऱ्या राज्यातला दप्तरी शब्द, कंटकवन कुणाच्याच तोंडी नाही. आणि काटेरी असण्याची कारणं दोन, पाऊस-मुरूम आणि कुऱ्हाड-शेळी. ती जागेवर जाऊन बघायची.

मी तुमच्या जागी असतो तर रकान्यात पहिल्यांदा गावात त्या जागेला जे नाव आहे ते लिहिलं असतं. प्रत्येक माळाला नाव असतंच, सरकारी नकाशात नसलं तरी. मग मराठीत 'काटेरी झुडपांचा माळ' आणि कन्नडमध्ये छापलंय ते तसंच, शेजारी 'मुळ्ळुकंटी'. 'माळ' या शब्दात उघडेपणा येतो, गवत येतं, आणि तो म्हाताऱ्यांच्या तोंडचा आहे. 'काटेरी झुडपांचा' यानं काय उगवतं ते येतं. त्याखाली एक-दोन ओळी. उदाहरणार्थ: 'उताऱ्यावर गायरान. वीतभर मातीखाली मुरूम. हिवर, बोर, हेकळ, तरवड, अधूनमधून खैर. मध्ये कुसळी गवत. झुडपं कमरेएवढी, हिवर दोन पुरुष उंच. उत्तरेच्या अंगाला वेडी बाभूळ शिरलेली. बुडख्यांवर तोडीच्या खुणा थोड्या. पावसाळ्यानंतर मेंढरं बसतात.' इतकं लिहिलंत तर वर शीर्षक कोणतंही असो, पुढचा माणूस फसणार नाही. हीच नोंद खानापूरकडची असती तर मी शीर्षकच 'तोडीनं खुजं झालेलं जंगल' असं दिलं असतं.

गवताचा रकाना वेगळा असेल तर तो रिकामा सोडू नका. काट्यांच्या नादात गवत विसरतं, आणि मेंढपाळाला तर आधी गवतच दिसतं. कुसळी, पवना, मारवेल ही नावं कुठल्याही मेंढक्याला विचारा, तो पायाखालचं उपटून दाखवेल. तसंच काट्यांचा वापर. कापलेल्या काटेरी फांद्यांच्या भाऱ्याला जतच्या बाजूला फेसाटी म्हणतात, तुमच्याकडेही म्हणत असतील. ती कुठल्या झाडाची करतात, शेळ्यांच्या कोंडवाड्याला कुठले काटे लावतात, औताला बाभूळ कुठून आणायचे, आषाढी एकादशीच्या दुसऱ्या दिवशी उपास सोडायला वाघाट्याची भाजी कुठल्या कंटीवरून येते, हे सगळं म्हाताऱ्या बायकांना विचारा. शाळेतल्या मुलांना आजीकडे पाठवलंत तर आठ दिवसांत वही भरेल.

आता फोटो. फोटोत फुलं नाहीत, त्यामुळे शंभर टक्के सांगत नाही, पण ही बाभूळ वाटत नाही, हिवर वाटतो. साल फिकट, पांढरट-पिवळट, तिचे पापुद्रे सुटलेले. बाभळीची साल काळपट आणि उभ्या भेगांची असते. वरचा पसारा छत्रीसारखा आहे. हेडमास्तर जाली म्हणतात त्यात त्यांची चूक नाही. कन्नडमध्ये काळी ती करी जाली, म्हणजे बाभूळ, आणि पांढरी ती बिळी जाली, म्हणजे हिवर. कन्नडनं दोघींना एका आडनावात ठेवलं, मराठीनं दोन वेगळी घरं दिली. हेडमास्तरांची 'जाली' तुम्ही मराठीत आणलीत आणि आणताना 'बिळी' वाटेत सांडलं, एवढंच झालं. खात्री करायची तर श्रावण-भाद्रपदात पुन्हा त्या झाडाखाली जा. (हिवराच्या सावलीत बसू नये म्हणतात, तुम्ही उभ्यानं बघा.) फांद्यांच्या टोकांना बारीक, पांढरट गोंड्यांचे मोठे तुरे आले असतील तर हिवर. पुढे शेंगा धरल्या की त्याही बघा. बाभळीची शेंग मण्यांच्या माळेसारखी मध्ये मध्ये आवळलेली असते, हिवराची चपटी, सलग, किंचित वाकडी. तुरे पांढरे निघाले तर वहीत 'हिवर' लिहा, पुढे 'बिळी जाली' लिहा, आणि हेडमास्तरांची सही घ्या.